आर्ट डिपार्टमेंटवाली मुलगी स्वीडनला चाललीये, पुढे काय?

पत्र:

ताई, मी मूळची सांगलीची. जेजेला इंटिरियर डेकोरेशन केलं, मग ओळखीने एका मराठी मालिकेच्या आर्ट डिपार्टमेंटला लागले ती आजतागायत गोरेगावलाच आहे, असिस्टंट म्हणून. कॉलेजपासून एकच डोक्यात आहे, प्रॉडक्शन डिझायनर व्हायचं, म्हणजे सिनेमाचे सगळे सेट आणि जागा कशा दिसणार ते ठरवणारी. आता लग्न झालं, नवरा गोथेनबर्गला गाड्यांच्या कंपनीत इंजिनीअर आहे, दोन-तीन महिन्यांत मलाही निघायचंय. तिकडे सिनेमात आपल्यासारख्यांना काम मिळतं का? परत कॉलेज करावं लागेल का? सासूबाई म्हणतात सॉफ्टवेअर टेस्टिंगचा कोर्स कर, लगेच नोकरी लागते. मी तिकडच्या प्रॉडक्शन डिझायनर ॲना आस्प यांच्याबद्दल वाचलं, त्यांना ऑस्कर मिळालंय, वाचून आधी भारी वाटलं आणि मग एकदम भीतीच वाटली. जे काय असेल ते खरं सांगा. – प्लायवुड

उत्तर:

प्लायवुड, नाव झकास घेतलंयस.

काम मिळतं. डिझायनर म्हणून नाही मिळत, निदान सुरुवातीची बरीच वर्षं तरी नाही, पण प्रॉप्समध्ये, म्हणजे सेटवरच्या वस्तूंच्या कामात मिळतं, सेट ड्रेसिंगला मिळतं, वर्कशॉपमध्ये रंगकामाला मिळतं. मी स्वतः इथे बरीच वर्षं प्रॉप्सचं काम करते, सिनेमे कमी आणि सीरिज-जाहिराती जास्त, त्यामुळे मी सांगतेय ते खालच्या पायरीवरून दिसणारं आहे. पण इथे आपल्या लाईनमध्ये वर गेलेली जी माणसं मी बघितलीयत ती याच पायरीवरून गेलीयत, तेव्हा "इतकी वर्षं असिस्टंट होते, आता तिकडे जाऊन परत असिस्टंटच का" हे जे तू पत्रात लिहिलं नाहीस पण मनात आहे ना, ते मुंबई एअरपोर्टवरच सोडून ये.

आस्पबाईंचं म्हणशील तर त्यांच्या ऑस्करकडे बघू नकोस, काम बघ. ऑस्कर मिळालं ते १९८४ च्या समारंभात, स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या 'फॅनी अँड अलेक्झांडर'साठी, सेट डेकोरेटर सुझान लिंगहाइम यांच्यासोबत. गोष्ट साधारण १९०७ ची, उप्साला गावातली. बाहेरचं शूटिंग उप्सालात आणि घरातलं बरंचसं स्टॉकहोमच्या फिल्महूसेटमधल्या स्टुडिओत. आता त्यात आजीचं घर बघ, लालच लाल, पडदे, गालिचे, दिवे, कुंड्या, पुतळे, इतकं खच्चून भरलेलं की पोरगं टेबलाखाली जाऊन बसलं तर सापडणार नाही, आणि मग पोरांची आई बिशपशी लग्न करते आणि आपण त्याच्या घरी पोचतो, तिथे भिंती उघड्याबोडक्या, करड्या-पांढऱ्या, सामान जेवढ्यास तेवढं, पोरांच्या खोलीच्या खिडकीला गज. कुणी तोंड उघडायच्या आधीच आपल्याला कळतं की या पोरांचं आता काही खरं नाही. आपल्याकडे मालिकेत घर श्रीमंत दाखवायचं म्हणजे जिना रुंद करायचा आणि झुंबर मोठं आणायचं, तुला मी काय सांगणार.

त्यांचीच अजून एक गोष्ट सांगते, ही मला ऑस्करपेक्षा जास्त आवडते. रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीचा शेवटचा सिनेमा, 'द सॅक्रिफाईस', १९८५ च्या उन्हाळ्यात गोटलंड बेटावर शूट झाला, डिझाईन आस्पबाईंचं, कॅमेऱ्यावर स्वेन नूक्विस्ट. शेवटाला अख्खं घर जळतं, एकाच लांबलचक शॉटमध्ये. घर पेटवलं, सगळं जमून आलं आणि मध्येच कॅमेरा अडकला. घर गेलं, शॉटही गेला. मग तेच घर परत उभं केलं, आणि परत जाळलं, यावेळी दोन कॅमेरे लावून. ही गोष्ट सांगताना लोक दिग्दर्शकाच्या जिद्दीबद्दल बोलतात, मला मात्र दर वेळी ते सुतार आणि रंगारी डोळ्यासमोर येतात, की बाबांनो, जे जाळायलाच बांधलं होतं ते परत तस्संच जुनाट दिसणारं बांधा, आणि लवकर बांधा. तू मालिकेत रातोरात बंगल्याचा हॉस्पिटल वॉर्ड केलेली मुलगी आहेस, तुला हे कळेल.

आता तुझ्या कामाचा मुद्दा. तू गोथेनबर्गला चाललीयेस हे तुझं नशीब आहे, आणि हे तुला कुणी सांगितलेलं दिसत नाही. तिथून ट्रेनने पाऊण तासावर ट्रोलहेट्टन नावाचं गाव आहे, एकेकाळी रेल्वे इंजिनं बनवणारं, तिथे 'फिल्म इ वेस्ट' ही १९९२ मध्ये सुरू झालेली, सिनेमांना पैसा पुरवणारी प्रादेशिक संस्था आहे, आणि स्वीडनच्या सिनेमातला मोठा हिस्सा तिच्या पैशावर चालतो. लोक कौतुकाने 'ट्रोलीवूड' म्हणतात. डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन ट्रायरचा 'डॉगव्हिल', तो खडूच्या रेघांनी घरं आखलेला सिनेमा, भिंतीच नाहीत, नुसती जमिनीवर रेघ आणि 'अमक्याचं घर' असं लिहिलेलं, तो तिथल्याच एका हॉलमध्ये शूट झाला. आणि अलीकडचा, स्वीडिश दिग्दर्शक रुबेन ऑस्टलुंडचा 'ट्रँगल ऑफ सॅडनेस', त्यातली वादळात हेलकावे खाणारी जहाजाची डायनिंग रूम, ती काय खऱ्या समुद्रावर हलत नव्हती, स्टुडिओत सेट बांधून तो हलणाऱ्या यंत्रावर बसवला होता, म्हणजे टेबलं, प्लेटा, ग्लासं आणि माणसं सगळीच्या सगळी तिरकी. डिझायनर योसेफिन ऑसबेरी, ऑस्टलुंडच्याच 'द स्क्वेअर'साठी त्यांना २०१७ चा युरोपियन फिल्म अवॉर्ड मिळालाय. हिचं नाव लिहून ठेव, कारण आत्ता इथे प्रॉडक्शन डिझाईन कुठे आहे ते बघायचं तर तिची कामं बघावी लागतात, वरवर बघितलं तर काहीच केलेलं दिसत नाही, हॉटेल म्हणजे हॉटेल, म्युझियम म्हणजे म्युझियम, आणि दुसऱ्यांदा बघितलं की लक्षात येतं की प्रत्येक भिंतीचं अंतर मोजून ठेवलंय.

तर ही प्रादेशिक संस्था पैसे घालते ते फुकट नाही घालत, तिची अट असते की कामाचा ठरावीक भाग त्या भागात व्हायला हवा, शूटिंग म्हणा, शूटिंगनंतरचं एडिटिंग-साऊंड म्हणा, तिथली माणसं घेणं म्हणा. आता स्टॉकहोमचा डिझायनर आला तरी तो स्टॉकहोमवरून प्रॉप्सचे पाच असिस्टंट घेऊन येत नाही, हॉटेलचा खर्च कोण करणार, तो इथे राहणारी माणसं शोधतो, ज्यांना गावातलं भंगार कुठे मिळतं ते माहितीये. ती माणूस तू व्हायचंय. उत्तरेला लुलेओमध्ये आणि दक्षिणेला स्कोनेमध्ये अशाच संस्था आहेत, तो प्रसिद्ध व्हॅम्पायरचा सिनेमा, 'लेट द राईट वन इन', त्यातली गोष्ट स्टॉकहोमच्या एका उपनगरातली पण शूटिंग बरंचसं लुलेओला, कारण तिथे बर्फाची खात्री आणि तिथली संस्था पार्टनर. आपल्या कामात कुठे राहतेस यावर अर्धं ठरतं इथे.

पण गुलाबी चित्र नको रंगवायला. देशाची लोकसंख्या एक कोटीच्या जरा वर, म्हणजे मुंबईहून कमी, सिनेमे वर्षाला काही डझन, आणि मधल्या काळात स्ट्रीमिंगवाल्यांमुळे जी धावपळ होती ती २०२३ ला व्हायाप्ले या इथल्या स्ट्रीमिंग कंपनीने एकदम हात आखडता घेतला तेव्हापासून बरीच थंडावली, तेव्हा माझ्या ओळखीतली चांगली चांगली माणसं किचन फिटिंगच्या कामाला लागली. सरकारने २०२२ पासून इथे होणाऱ्या प्रॉडक्शनला पंचवीस टक्के खर्च परत द्यायची योजना आणली, पण सुरुवातीला वर्षाचा निधी दहा कोटी क्रोनर होता, तो काय समुद्र नाही. त्याआधी काय होत होतं त्याचं एक उदाहरण, तो 'मिडसोमर' हा हॉरर सिनेमा, स्वीडनच्या हेलसिंगलंडमधलं गाव दाखवलंय ना सगळं, फुलांचे मुकुट, रंगवलेली लाकडी घरं, ते अख्खं गाव हंगेरीत बुडापेस्टजवळ बांधलं होतं. डिझायनर स्वीडिश, हेन्रिक स्वेन्सन, गाव हंगेरियन सुतारांचं. हेलसिंगलंडमध्ये ती नक्षीची खरी घरं आहेत, युनेस्कोने २०१२ ला वारसा यादीत घेतलेली, बघायला जा उन्हाळ्यात.

बरं, आता जे मला तुला खरं सांगायचंय ते. इथला सिनेमा बहुतेक वेळा साध्या खोल्यांमध्ये घडतो. राजवाडे नाहीत, देवघर नाही, गणपतीचे सेट नाहीत. एक किचन, एक जिना, एक ऑफिस, एक लॉन्ड्री. आणि ती खोली चुकली की इथला प्रेक्षक ताबडतोब पकडतो, जसं आपल्याकडे सदाशिव पेठेतल्या घरात ओट्याखाली गॅसचा सिलिंडर दिसला नाही तर आपण पकडू. तुझ्याकडे डिग्री आहे, हात चालतो, पण तुला त्या खोल्या माहीत नाहीत. पहिलं वर्ष त्याच्यात घाल. नोकरी मिळो न मिळो.

म्हणजे काय बघायचं, तर एक साधा फ्लॅट घेऊ. १९६५ ते १९७४ या काळात सरकारने दहा लाख घरं बांधायचा कार्यक्रम काढला होता, त्यातलाच एक, गोथेनबर्गच्या बाहेरच्या बाजूला असे भरपूर आहेत, तुम्हीही बहुतेक तसल्याच घरात राहाल. दाराला पत्र टाकायची फट, पत्रं आत जमिनीवर पडतात, म्हणजे घरातली बाई दहा दिवस बाहेर पडली नाही असं दाखवायचं असेल तर तुला डायलॉग लागत नाही, पायपुसण्यावर पडलेली पत्रं आणि जाहिरातींचे कागद लागतात. आत आल्या आल्या बूट काढायची जागा, वर टोप्या ठेवायची फळी. खिडकीखाली रेडिएटर, खिडकीच्या कट्ट्यावर कुंड्या आणि एक छोटा दिवा, तो दिवा जवळपास प्रत्येक घरात असतो, संध्याकाळी रस्त्यावरून बघ. किचनमध्ये सिंकच्या वर कपाटातच भांडी निथळायला जाळी, सिंकच्या खाली कचऱ्याचे तीन-चार वेगळे डबे. आणि हे किचन असंच का, तर इथे १९४४ ला घरकामावर संशोधन करणारी एक संस्थाच काढली होती, बायका दिवसाला किती पावलं चालतात, ओटा किती उंच हवा, हे मोजून मोजून मापं ठरवली, त्यामुळे किचन बघून ते साधारण कोणत्या दशकातलं आहे हे सांगता येतं, जाणती माणसं नुसत्या हँडलवरून सांगतात. डिझायनर तुला म्हणाला की किचन ऐंशीच्या दशकातलं हवं पण फ्लॅट साठच्या दशकातला आणि मध्ये एकदा घटस्फोट झालाय, तर तुला हँडल कुठली आणि टाईल्स कुठल्या हे कळलं पाहिजे.

अजून एक छोटी गोष्ट. टेबलावर लोणी लावायचा लाकडी सुरा असतो. दुकानात गुळगुळीत मिळतो, पण पुष्कळ घरांत एक वाकडातिकडा, जरा जाडच, असा एक सुरा असतो, तो पोराने शाळेत हस्तकलेच्या तासाला केलेला, कारण इथे सुतारकाम-शिवणकाम मुलगा-मुलगी सगळ्यांना सक्तीचं आहे. एकट्या म्हाताऱ्याच्या टेबलावर तो वाकडा सुरा ठेवला की झालं, याला मूल आहे, ते मोठं होऊन गेलंय, आणि यानं सुरा टाकला नाही. कॅमेरा त्याच्यावर जाणारही नाही कदाचित. नटाला मात्र कळतं, तो तोच सुरा उचलतो.

आणि बिल्डिंगची कॉमन लॉन्ड्री! तिथे भिंतीवर बुकिंगचा बोर्ड असतो, जुन्या बिल्डिंगमध्ये प्रत्येक फ्लॅटचं एक छोटं कुलूप, आपल्या नंबरचं, ते आपण हव्या त्या तारखेच्या भोकात लावायचं. आणि त्याच्या बाजूला चिकटवलेल्या रागीट चिठ्ठ्या, फिल्टर साफ केला नाही, कुणी माझ्या वेळेत मशीन लावलं, वगैरे, सही नाही, नुसतं 'शेजारी'. ह्या चिठ्ठ्या म्हणजे ग्राफिक प्रॉप्सचा, म्हणजे सेटवरच्या कागदी-लिखित वस्तूंचा खजिना आहे गं, फोटो काढून फोल्डर कर. डिसेंबरमध्ये खिडक्यांमध्ये कागदी तारे आणि सात दिव्यांचे त्रिकोणी स्टँड लागतात, ख्रिसमसच्या चार रविवार आधीपासून ते जानेवारीच्या मध्यापर्यंत, तेव्हा डिसेंबरचा सीन आणि समोरच्या बिल्डिंगच्या खिडक्या रिकाम्या असतील तर सगळे हसतील. गोथेनबर्गची म्हणून जी खास घरं आहेत, खालचा मजला दगडी किंवा विटांचा आणि वरचे दोन लाकडी, ती नीट बघून घे, दुसऱ्या शहराच्या नावाखाली ती दाखवली तर इथली माणसं लगेच ओळखतात.

उजेड हा अजून एक विषय, पण त्यात कॅमेरावाल्यांचं राज्य आहे म्हणून थोडक्यात. डिसेंबरमध्ये गोथेनबर्गला दिवस जेमतेम साडेसहा तासांचा, लुलेओला त्याच्याही निम्मा, आणि सूर्य वर येतच नाही, तिरका येतो. बर्गमनच्या १९६३ च्या 'विंटर लाईट'च्या आधी तो आणि नूक्विस्ट एका चर्चमध्ये जाऊन नुसते बसायचे, दिवसभरात उजेड कसा सरकतो ते बघत, आणि मग पी. ए. लुंडग्रेन यांनी चर्चचा आतला भाग स्टुडिओत बांधला. म्हणजे आधी उजेड ठरला, मग भिंती आल्या. आपल्याकडे मालिकेत वरून सगळे लाईट लावून टाकतात आणि सेट गुळगुळीत दिसतो, तुझ्या डोळ्याला ती सवय झाली असणार, ती मोडावी लागेल. दुपारी तीनला लाईट न लावता घरात बसून बघत राहा. वेडेपणा वाटेल पहिल्यांदा.

आता कोरडी कामं. नवऱ्याच्या वर्क परमिटवर डिपेंडंट म्हणून येशील तर साधारणपणे तुलाही काम करायची परवानगी असते, कार्ड आल्यावर त्याच्यावर काय लिहिलंय ते वाच. मग पर्सनल नंबर, म्हणजे इथला सरकारी ओळख क्रमांक मिळाला की नगरपालिकेकडून फुकट स्वीडिश शिकवतात, एसएफआय म्हणतात त्याला, पहिल्या आठवड्यात नाव घाल. "सगळे इंग्लिश बोलतात" असं तुला प्रत्येक जण सांगेल आणि ते खरंही आहे, नवऱ्याच्या ऑफिसमध्ये. आपलं काम वेगळं. आपलं काम म्हणजे सत्तर वर्षांच्या शेतकऱ्याला फोन करून तुमच्या गोठ्यातली जुनी दुधाची कॅन दोन दिवसांसाठी द्याल का असं विचारणं, आणि तो देईल असं बोलणं. भाषेच्या बी वन, म्हणजे मधल्या लेव्हलपर्यंत गेलीस की बाकी सेटवर शिकशील.

दुसरं, गाडी. हे मी सगळ्यात आधी सांगायला हवं होतं खरं तर. प्रॉप्सचा असिस्टंट इथे स्वतः व्हॅन चालवतो, सामान उचलतो, भरतो, परत नेऊन देतो. ड्रायव्हर नाही, स्पॉटबॉय नाही, हमाल नाही. आपलं भारतीय लायसन्स इथे नाव नोंदल्यापासून एक वर्ष चालतं, नंतर नाही, आणि बदलूनही मिळत नाही, परत सगळी परीक्षा द्यावी लागते, त्यात निसरड्या ट्रॅकवर गाडी घसरवून दाखवायचं सक्तीचं प्रशिक्षणही आहे. खर्चिक आहे आणि वेळ लागतो. गिअरच्या गाडीवर परीक्षा दे, ऑटोमॅटिकवर दिलीस तर लायसन्सवर तसा शिक्का बसतो आणि प्रॉडक्शनची खटारा व्हॅन गिअरचीच निघते. तुझ्या पोर्टफोलिओपेक्षा तुझं लायसन्स आधी विचारतील, हसू नकोस.

कॉलेज? माझं मत, लगेच नको. स्टॉकहोमला कलेचं सरकारी विद्यापीठ आहे, आस्पबाई जिथे शिकल्या ती ड्रामाटिस्का इन्स्टिट्यूट आता त्याच्यातच मिसळलीये, पण पदवीचं शिक्षण स्वीडिशमध्ये, जागा मूठभर, आणि तू गोथेनबर्गला. स्टुडंट व्हिसावर येणाऱ्या युरोपबाहेरच्या मुलांना २०११ पासून फी आहे, आणि तू डिपेंडंट म्हणून आलीस तर साधारणपणे तुला ती लागू होत नाही, हा फायदा आहे, पण तो पुढच्या वर्षीही राहील. आधी भाषा, आधी एक-दोन कामं, मग वाटलं तर अर्ज. नुसती डिग्रीच वाढवायची असती तर पुण्याला एफटीआयआयमध्ये आर्ट डिरेक्शन आणि प्रॉडक्शन डिझाईनचा कोर्स होताच की, प्रभातच्या त्याच आवारात जिथे फत्तेलालांनी सेट उभे केले, तेव्हा तू कामालाच लागलीस ना, मग आता का उलटं.

सेटवरचं वातावरण वेगळं आहे आणि तुला सुरुवातीला चुकल्यासारखं होईल. कुणी ओरडत नाही. डिझायनरला नावाने हाक मारायची, दादा-सर काही नाही. ठरवायला वेळ लावतात, मीटिंग, मग कॉफी, मग परत मीटिंग, तुला वाटेल अरे भिंत रंगवा ना एकदाची, पण एकदा ठरलं की आदल्या रात्री बदलत नाहीत, आणि बदललं तर ओव्हरटाईम मोजून देतात. सुतार सेफ्टी शूज घातल्याशिवाय तुला वर्कशॉपमध्ये उभं करणार नाही, चपलेवर आलीस तर घरी पाठवेल. आणि वापरून फेकणं बंद होत चाललंय, थर्माकोलचा खांब करून नंतर मैदानात जाळायचा हे इथे सांगूसुद्धा नकोस कुणाला. प्रॉप्स बऱ्याच वेळा ब्लॉकेट नावाच्या साईटवरून, म्यूरोर्नासारख्या सेकंडहँड दुकानांतून येतात, गोथेनबर्गला आलेलिकन म्हणून रिसायकलिंगचं मोठं आवार आहे तिथे जुने दरवाजे, सिंक, खिडक्या विकायला असतात, शनिवारी नवऱ्याला घेऊन जा, तुला चोरबाजारात गेल्यासारखं वाटेल, फक्त घासाघीस चालत नाही.

तुझी जमेची बाजू काय, तर वेग आणि जुगाड. कमी पैशात, कमी वेळात, आहे त्यात दुसरं काहीतरी करून दाखवणं, मालिकेने हे तुझ्या हातात घातलंय. इथे शिकून आलेल्या पोरांकडे स्केचेस सुंदर असतात पण अर्ध्या तासात एजिंग करून दे, नवी वस्तू जुनी दिसू दे म्हटलं की गडबडतात. चहाच्या पाण्याने कागद जुना करणं, नवीन भिंतीवर वर्षानुवर्षांचा हाताचा मळ उठवणं, हे करतानाचे छोटे व्हिडिओ काढून ठेव, पोर्टफोलिओत फायनल सेटचे चकचकीत फोटो टाकण्यापेक्षा ते जास्त बोलतात. रॉय अँडरसनसारखा दिग्दर्शक स्टॉकहोमला स्वतःच्या स्टुडिओत रस्ते, स्टेशन, बार सगळं खोटं बांधून, खोटं परस्पेक्टिव्ह रंगवून, एकेका सीनला आठवडेच्या आठवडे लावत आला, म्हणजे हाताने करणाऱ्यांना इथे मान आहे, फक्त ते हात दिसले पाहिजेत.

ओळखी कुठे करायच्या, तर जानेवारीच्या शेवटी गोथेनबर्ग फिल्म फेस्टिव्हल असतो, १९७९ पासूनचा, नॉर्डिक देशांतला सगळ्यात मोठा, तिथे व्हॉलंटियर म्हणून नाव घाल. कार्ड वाटत फिरू नकोस, काम कर, लोक विचारतात. शिवाय ऑपेराची आणि सिटी थिएटरची वर्कशॉप्स आहेत, तिथे सिनेमापेक्षा काम जास्त सलग असतं, सिनेमावाली माणसं मधल्या काळात तिकडेच असतात. आणि सेन ओक फिल्म ही युनियन आहे, पहिलं कॉन्ट्रॅक्ट सही करायच्या आधी त्यांच्याकडे रेट विचार, बिनधास्त, इथे युनियनला विचारणं म्हणजे भांडण नाही.

सासूबाई. त्यांचं अगदीच चुकत नाही, पैशाच्या बाजूने. इथे आपल्या लाईनमध्ये प्रोजेक्ट असतो तेव्हा असतो, नसतो तेव्हा नसतो, जुलैमध्ये बराचसा देश सुट्टीवर, आणि पहिलं दीड वर्ष तुझी कमाई जवळपास शून्य धरून चाल. हे नवऱ्याशी आत्ता बोल, इथे येऊन नोव्हेंबरच्या अंधारात बोलू नकोस, तेव्हा सगळीच भांडणं मोठी वाटतात. घरात बसायला नको म्हणून काही पार्टटाईम करायचं तर टेस्टिंगऐवजी फर्निचरच्या दुकानात नाहीतर सेकंडहँड दुकानात लाग, भाषा येईल, वस्तू कळतील, आणि सासूबाईंना सांगता येईल नोकरी लागली म्हणून. टेस्टिंगमध्ये तुझं मन रमत असेल तर कर की, त्यात कमीपणा काही नाही, पण तुझ्या पत्रात त्याच्याबद्दल एकच ओळ आहे आणि ती पण सासूबाईंची.

आणि हो, निघायच्या आधी एक काम कर. मालिकेच्या सेटचे जे फोटो पोर्टफोलिओत टाकणार आहेस त्यांची परवानगी प्रॉडक्शनकडून आत्ताच मेलवर लेखी घे, आणि कुठल्या सेटवर तू नक्की काय केलंस ते तुझ्या आर्ट डिरेक्टरकडून दोन ओळींत सहीने लिहून घे, इंग्लिशमध्ये. एकदा तू इकडे आलीस की ते लोक फोन उचलत नाहीत.